सॉ मिल, वखार आणि लाकडाचा हिशेब: बेळगाव-खानापूर भागात वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी, हल्याळ, दांडेली आणि सीमेपलीकडचा चंदगड. या पट्ट्यातलं लाकूड आमच्या वखारीत येतं आणि कापून पुन्हा याच पट्ट्यात जातं. घर बांधणारे, सुतार मेस्त्री, बांधावरची झाडं विकायला निघालेले शेतकरी आणि या धंद्यात उतरू पाहणारी तरुण मुलं, सगळे साधारण तेच प्रश्न विचारतात. मशीन चालू असताना उभ्या उभ्या त्यांची धड उत्तरं देता येत नाहीत, म्हणून इथे लिहून ठेवतो. एक गोष्ट आधीच सांगतो, कारण पुढची बरीच उत्तरं तिच्यावर उभी आहेत. या धंद्यातला पैसा ओंडका मोजताना आणि विकत घेताना कमावला जातो, किंवा तिथेच बुडतो. पात्याखाली जे होतं तो त्यानंतरचा भाग. त्यामुळे तुम्ही घेणारे असा वा विकणारे, मोजमाप शिकून घ्या.

वखार आणि सॉ मिल एकच का?

बोलण्यात एकच, कागदावर वेगळे. वखारीत लाकूड साठवून विकलं जातं, सॉ मिलमध्ये ओंडका कापला जातो आणि त्यासाठी वन खात्याचा परवाना लागतो. बेळगावात बऱ्याच ठिकाणी दोन्ही एकाच आवारात असतं.

इथल्या सॉ मिलना लाकूड येतं तरी कुठून? जंगलतोड तर बंद आहे ना?

हा प्रश्न लोक जरा दबकत विचारतात. दबकण्याचं कारण नाही, विचारायलाच हवा.

एके काळी उत्तर सोपं होतं. खानापूर, लोंढा, हल्याळ, दांडेलीचं जंगल जवळ, आणि लाकूड बाहेर काढायला रेल्वे. अळणावर-दांडेली फाटा मुख्यतः जंगलचा माल काढण्यासाठीच टाकला गेला. सागवान, शिसव, ऐन, किंदळ, नाना, जांभा, बिबळा, हेद असा माल यायचा. रेल्वेचे स्लीपरही लाकडीच होते. मग १९८० चा वनसंवर्धन कायदा आला. १९८८ च्या राष्ट्रीय वननीतीने लाकडावर चालणाऱ्या उद्योगांनी जंगलाकडे न बघता शेतकऱ्यांकडून कच्चा माल उभा करावा असं धोरण ठरवलं. आणि १२ डिसेंबर १९९६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने गोदावर्मन खटल्यात जंगलातल्या तोडीला लगाम घालणारा जो आदेश दिला, त्याने देशभरातला लाकूडधंदा एका दिवसात बदलला. आज आमच्याकडे त्या तारखेच्या आधीचा धंदा आणि नंतरचा धंदा असंच बोललं जातं.

आता माल चार वाटांनी येतो. पहिली वाट सरकारी डेपोंची: सागवान लागवडीच्या विरळणीतून निघालेले, वाळलेले आणि वादळात पडलेले वृक्ष तिथे लिलावात निघतात. दुसरी, आणि आता सगळ्यात भरवशाची, शेतकऱ्यांची मालकी झाडं: आंबा, फणस, बाभूळ, कडुनिंब, चिंच, नीलगिरी, अकेशिया, सिल्व्हर ओक आणि बांधावरचं सागवान. तिसरी आयातीची. चौथी जुन्या घरांची. खानापूरकडचं किंवा बेळगावच्या जुन्या गल्लीतलं कौलारू घर उतरवलं की त्याच्या तुळया, वासे, चौकटी विकायला येतात. त्यातलं सागवान आजच्या नव्या सागवानापेक्षा अनेकदा सरस असतं. मी स्वतः घर बांधणाऱ्याला आधी तेच बघायला सांगतो.

भीमगड अभयारण्य २०११ साली जाहीर झालं, पलीकडे काळी व्याघ्र प्रकल्प आहे. म्हादईच्या उगमाचं हे जंगल आहे आणि ते उभं राहायला हवं. या धंद्यात असून मी हे मनापासून लिहितो आहे. बिनकागदाचा एक ट्रक आला की कागद पूर्ण करून चालणारी दहा माणसं संशयाच्या भोवऱ्यात सापडतात.

घनफूट कसं काढतात? घरी मोजलं तर जास्त येतं, वखारीत कमी. ही फसवणूक आहे का?

बहुतेक वेळा नाही. दोघांची पद्धत वेगळी असते.

वखारीची पद्धत अशी: ओंडक्याच्या मधोमध घेर इंचांत मोजायचा. त्याचा चौथा भाग काढायचा. त्या चौथ्या भागाचा वर्ग करून फुटांतल्या लांबीने गुणायचं आणि १४४ ने भागायचं. समजा ओंडका १२ फूट लांब आणि मधला घेर ४८ इंच. ४८ चा चौथा भाग १२. बाराचा वर्ग १४४. त्याला १२ ने गुणून १४४ ने भागलं की १२ घनफूट. हे हॉपस मोजमाप. एडवर्ड हॉपस या इंग्रजाने अठराव्या शतकात छापलेल्या कोष्टकांवरून ते आलं आणि इंग्रजांबरोबर इथे रुजलं.

आता तोच ओंडका गोल धरून वर्तुळाच्या सूत्राने मोजला तर १५.२८ घनफूट येतात. म्हणजे हॉपसने खऱ्या घनफळाच्या साडेअठ्ठ्याहत्तर टक्केच धरले. उरलेलं साधारण साल, सालीकडचे तुकडे आणि भुशात जाणारच, म्हणून ते आधीच सोडून दिलं, असा त्यामागचा विचार. पद्धत वाईट नाही. भाव कुठल्या घनफुटाचा आहे हे न विचारता व्यवहार करणं वाईट.

घनमीटरमध्ये घोटाळा आणखी वाढतो. खऱ्या एका घनमीटरचे हॉपस घनफूट २७.७४ होतात. पण कुठे घनमीटरच चौथाई घेराने काढलेला असेल, तर त्याचे हॉपस घनफूट ३५.३१ धरावे लागतात. यादीवर दोन्हीकडे ‘घनमीटर’ एवढंच लिहिलेलं दिसतं. मोठ्या खरेदीत या एका प्रश्नावर लाखांचा फरक पडतो, तेव्हा यादी हातात आली की पहिला प्रश्न तोच विचारा.

आणि साल. ४८ इंच घेर सालीवरून घेतला आणि साल अर्धा इंच जाड असेल, तर सालीखालचा घेर ४५ इंचांच्याही थोडा खाली येतो आणि १२ चे साडेदहा घनफूट होतात. आंब्याच्या, बाभळीच्या जाड सालीवर ही गोष्ट विसरली की शंभर घनफुटांत बारा घनफूट हवेत गेले.

मोजणी डोळ्यांसमोर करून घ्या. ओंडका जमिनीवर सपाट पडलेला असेल तर खालून टेप जात नाही. मग हमाल एका टोकाला पहार घालून तो उचलतात, सळीच्या आकड्याने दोरी पलीकडून ओढून घेतात आणि ती दोरी टेपवर धरतात. दोरी ओंडक्याला काटकोनात बसली पाहिजे. तिरकी बसली की घेर दोन-तीन इंचांनी वाढतो, आणि घेराचा वर्ग होत असल्यामुळे हिशेबात ती चूक आणखी फुगते. मध्यावर नेमकी गाठ किंवा फुगवटा असेल तर त्याच्या दोन्ही बाजूंना घेर घेऊन सरासरी धरायची. मोजून झालं की खडूने घेर आणि लांबी ओंडक्याच्या तोंडावर लिहून घ्या.

ओंडक्यातून कापलेला माल किती निघतो आणि नफा नेमका कुठे असतो?

सरळ, बऱ्या जाडीचा ओंडका असेल तर १०० हॉपस घनफुटांतून साधारण ६० ते ७० घनफूट कापलेला माल निघतो. वाकडा, पोकळ, गाठाळ असेल तर त्याच्या कितीतरी खाली. ‘आमचा उतारा इतके टक्के’ असं कोणी म्हणालं की तो हॉपसवर की खऱ्या घनफळावर, ते विचारा. हॉपसवरचे ६५ टक्के म्हणजे खऱ्या घनफळाचे ५१ टक्केच.

आता एक हिशेब मांडू. आकडे समजुतीसाठी आहेत, बाजारभाव म्हणून घेऊ नका. १०० हॉपस घनफूट ओंडके, दर १,५०० रुपये, म्हणजे दीड लाख. ट्रक आणि हमाली ८,०००. कापणावळ, म्हणजे वीज, पातं आणि मजुरी धरून, ५,०००. व्याज आणि वखारीचा खर्च ७,०००. एकूण १,७०,०००. भुसा आणि जळाऊ तुकड्यांचे ४,००० आले, ते वजा केले की १,६६,०००.

माल ६५ घनफूट निघाला तर घनफुटाला खर्च २,५५४ रुपये. ६० च निघाला तर २,७६७. ७० निघाला तर २,३७१. पाच घनफुटांच्या फरकाने घनफुटाला दोनशे रुपये इकडचे तिकडे होतात. उलट कापणावळ निम्म्यावर आणली तरी घनफुटाला ३८ रुपये वाचतात. म्हणून मजुरीत दोन रुपये वाचवायला मशीनवरचा अनुभवी माणूस घालवणारा मालक स्वतःचंच नुकसान करतो. ओंडक्याचं तोंड बघून पहिला काप कुठून घ्यायचा, पोक, म्हणजे ओंडक्याचा बाक, कुठल्या बाजूला ठेवायचा, गाभा मध्ये धरून चौकट काढायची की फळ्या पाडायच्या, हे ठरवणारा तो माणूस म्हणजेच ते पाच घनफूट.

शिवाय निघालेले सगळे घनफूट एका भावाचे नसतात. लांब, रुंद, बिनगाठीच्या फळीला एक भाव आणि तीन फुटी तुकड्याला दुसरा. सात फुटांची चौकट होऊ शकणारा ओंडका कोणी साडेसहा फुटांवर तोडला, तर घनफूट तेवढेच राहतात आणि किंमत पडते. झाड पाडणाऱ्याने लांबी तोडतानाच हा विचार करायला हवा. अर्धा फूट जास्त ठेवा, टोकाच्या चिरा त्यात निघून जातात.

आमच्या बांधावरची झाडं विकायची आहेत. परवानगी लागते का, भाव कसा ठरतो?

झाडाच्या जातीवर अवलंबून आहे. १९७६ च्या कर्नाटक वृक्ष संरक्षण कायद्याप्रमाणे मालकीच्या जमिनीतलं झाड तोडायलाही वृक्ष अधिकाऱ्याची परवानगी लागते. नीलगिरी, सुरू, सिल्व्हर ओक, सुबाभूळ, नारळ, रबर अशा काही जातींना त्यातून सूट आहे. आंबा, फणस, सागवान यांना हात लावण्याआधी अर्ज करा. जमिनीचा उतारा, हद्दीचा नकाशा आणि झाडांची यादी जोडावी लागते. जमीन जंगलाला लागून असेल तर मोजणी होऊन हद्द नक्की झाल्याशिवाय पुढे जाऊ नका. खानापूर तालुक्यात बहुतेक अडचणी तिथेच होतात. जुन्या सागवान-शिसवीवर कधी सरकारचा हक्क नोंदलेला असतो, तोही आधी बघून घ्या. चंदन हा पूर्ण वेगळा विषय आहे, ते घेऊन कुठल्याही सॉ मिलच्या दारात जाऊ नका.

भावाबद्दल मी शेतकऱ्याच्या बाजूने बोलतो, कारण त्याचंच जास्त नुकसान होताना बघितलं आहे. उभं झाड ‘अंदाजे’ विकू नका. दलाल बांधावर येतो, मान वर करून झाडाकडे बघतो, एक आकडा बोलतो आणि लग्नाच्या नाहीतर शाळेच्या फीच्या घाईत सौदा होतो. छातीच्या उंचीवर घेर घ्या, सरळ खोड किती फूट आहे ते बांबूने मोजा. वर खोड निमुळतं होतं, म्हणून छातीचा घेर आहे तसा धरू नका, खोडाच्या मध्यावर किती असेल तो अंदाज घ्या. मग वरचं सूत्र लावा. आकडा तंतोतंत येणार नाही, पण बोलणी करायला हातात काहीतरी राहील. झाडं पाचपेक्षा जास्त असतील तर दोन-तीन ठिकाणी विचारा.

सागवान घनफुटावर जातं. नीलगिरी, अकेशिया, आंबा बहुधा वजनावर. ताज्या तोडलेल्या ओंडक्याच्या वजनात अर्ध्याच्या आसपास पाणी असू शकतं आणि ते पहिल्याच दिवसापासून उडायला लागतं. वजनावर विकायचं असेल तर ट्रक ठरल्याशिवाय झाड पाडू नका. पंधरा दिवस उन्हात पडलेला ढीग काट्यावर टाकला की फरक डोळ्यांना दिसतो. घेणाऱ्याचा हिशेब नेमका उलटा असतो, हे ओळखूनच बोलणी करायची. दांडेलीची वेस्ट कोस्ट पेपर मिल जवळ असल्यामुळे बारीक नीलगिरी-अकेशियाला लगद्याच्या लाकडाचं गिऱ्हाईक आहे. जाड, सरळ खोड मात्र लगद्याच्या भावात घालवू नका, ते कापायच्या मालात वेगळं काढा.

नवीन लावायचं असेल तर कर्नाटक सरकारची ‘कृषी अरण्य प्रोत्साह योजने’ आहे. जगलेल्या रोपामागे तीन वर्षं हप्त्याने पैसे मिळतात. वन परिक्षेत्र कार्यालयात नोंद करून रोपं घ्यावी लागतात.

चंदगड, आजऱ्याकडचं लाकूड बेळगावला कापायला आणता येतं का?

येतं, पण दोन राज्यांचे कागद लागतात. तोड महाराष्ट्राच्या कायद्याप्रमाणे झालेली हवी, ओंडक्यावर वन खात्याचा हातोड्याचा शिक्का हवा आणि वाहतूक पास हवा. शिनोळीवरून बेळगाव हाकेच्या अंतरावर आहे, म्हणून लोक समजतात की शेजारच्या गावात नेल्यासारखंच आहे. जीएसटी आल्यापासून, म्हणजे १ जुलै २०१७ नंतर, विक्रीकराचे नाके गेले. वन खात्याची तपासणी राहिली आहे. केंद्राने २९ डिसेंबर २०२३ रोजी देशभरासाठी एकच ऑनलाइन वाहतूक पास सुरू केला, सीमेवरच्या आम्हा लोकांना त्याचा सगळ्यात जास्त उपयोग व्हायला हवा. निघण्याआधी दोन्हीकडच्या वन परिक्षेत्र कार्यालयात चौकशी करा आणि पासवर लिहिलेला मार्ग बदलू नका.

सरकारी डेपोच्या लिलावात सामान्य माणूस भाग घेऊ शकतो का?

घेऊ शकतो. लिलाव आता ऑनलाइन होतात, अनामत भरून नोंदणी करावी लागते. बोली घरून लावता येते, पण माल बघायला डेपोत गेल्याशिवाय लावू नका. लाट, म्हणजे लिलावातला ओंडक्यांचा गट, एकत्र घ्यावी लागते, वरचे दोन ओंडके देखणे आणि खालचे पोकळ असं असू शकतं. तोंडावर गाभा केवढा आणि बाहेरचा पांढरा भाग केवढा ते बघा. मध्यापासून ताऱ्यासारख्या चिरा आहेत का, वाढीच्या कड्यांमध्ये फट आहे का ते बघा. कुऱ्हाडीच्या मागच्या बाजूने ठोकलं की भरीव ओंडका टणक वाजतो, पोकळ घुमतो. लहान ठिपक्याएवढ्या भोकातून ताजं पीठ पडलं असेल तर आत किडा आहे.

यादी कानडीत असते. तेग म्हणजे सागवान, मत्ती म्हणजे ऐन, नंदी म्हणजे नाना, होन्ने म्हणजे बिबळा, बीटे म्हणजे शिसव, हलसू म्हणजे फणस. एवढं पाठ असलं तरी काम भागतं. बोलीच्या दरावर कर आणि इतर आकार वेगळे चढतात, ते धरूनच वरची मर्यादा ठरवा. मुदतीत माल उचलला नाही तर दंड बसतो. पावसाळ्याच्या तोंडावर घेतलेला माल ट्रक आत जात नाही म्हणून अडकतो, हेही लक्षात असू द्या.

नवीन सॉ मिल टाकायची आहे. परवाना मिळेल का?

सोपं नाही. ऑक्टोबर २००२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने केंद्रीय अधिकारप्राप्त समितीच्या संमतीशिवाय नवीन सॉ मिल, व्हेनिअर (लाकडाचे पातळ पापुद्रे) किंवा प्लायवुडचे कारखाने उघडायला राज्यांना मनाई केली. ऑक्टोबर २०१५ नंतर हे अधिकार राज्यस्तरीय समित्यांकडे आले आणि नोव्हेंबर २०१६ मध्ये केंद्राने मार्गदर्शक सूचना काढल्या. राज्यात कायदेशीर लाकूड किती उपलब्ध आहे आणि जागा जंगलापासून किती लांब आहे, यावर निर्णय होतो. खानापूर-जोयड्यासारख्या ठिकाणी अंतराचीच अडचण येते. त्यामुळे चालू परवान्याला मोठी किंमत आली आहे. पण परवाना विकत मिळतो असं कोणी सांगत असेल तर सावध व्हा. हस्तांतर आणि जागाबदल, दोन्हीला खात्याची मंजुरी लागते.

सुतारकाम, फर्निचर करायचं असेल तर वाट मोकळी आहे. त्याच २०१६ च्या सूचनांप्रमाणे बँडसॉ (पट्टीसारख्या पात्याची करवत), री-सॉ (कापलेला माल पुन्हा कापायची करवत) किंवा ३० सेंटिमीटरपेक्षा मोठी चकती (गोल पात्याची करवत) न वापरता कायदेशीर कापीव लाकडावर, प्लायवुडवर काम करणाऱ्याला समितीची पूर्वमंजुरी लागत नाही. तरुणांना मी हेच सांगतो: ओंडक्याच्या मागे लागू नका. कापीव माल घेऊन चांगली दारं बनवणाऱ्याला बेळगावात काम कमी नाही. खरेदीची बिलं मात्र एकूण एक जपून ठेवा.

बँडसॉ बरा की चकती?

ओंडक्यासाठी बँडसॉ. त्याचं पातं साधारण ३ मिलिमीटर लाकूड खातं, मोठी चकती ६ पर्यंत. ३०० मिलिमीटरच्या ठोकळ्यातून २५ मिलिमीटरच्या फळ्या पाडल्या तर बँडसॉवर दहा निघतात, चकतीवर नऊच. दहावी फळी भुशात गेली. लहान रीपा आणि लांबी तोडायला चकती चालते.

पात्याची निगा हेच अर्धं काम आहे. दिवसातून काही वेळा पातं उतरवून धार लावावी लागते, दातांना दोन्हीकडे सारखा सेट, म्हणजे बाहेरच्या बाजूला थोडा वाक, द्यावा लागतो. एका बाजूला सेट कमी झाला की काप वाहत जातो: फळी एका टोकाला इंच आणि दुसऱ्या टोकाला पाऊण. हाताला कळतं ते भुशावरून. धार चांगली असेल तर भुसा कणीदार पडतो. पातं बोथट झालं की पिठासारखा बारीक आणि गरम, वर जळका वास. जांभा, बाभूळ कापताना हे लवकर होतं, आंबा-सिल्व्हर ओक बराच वेळ चालतो.

शेताच्या बांधावरचं झाड असेल तर खिळ्याची आणि तारेची भीती असते. चाळीस वर्षांपूर्वी कुंपणाची तार ठोकली, खोडाने ती गिळली, बाहेरून काही दिसत नाही. पात्याचा सलग सूर एकदम किरकिरतो, ठिणगी दिसते, आणि ट्रॉलीवाला मागे ओढेपर्यंत पंधरा-वीस दात गेलेले असतात. म्हणून अशा ओंडक्याची साल सोलून बघतो. निळसर काळा डाग दिसला तर तिथे बहुधा लोखंड असतं. विकताना कुठे तार होती हे आठवत असेल तर सांगा, कापणाऱ्याचा हात वाचतो.

लाकूड किती सुकवायचं? नवीन दारं पावसात फुगतात, उन्हाळ्यात फटी पडतात.

हवेवर सुकवायचं तर जुना ठोकताळा इंचाला एक वर्ष असा आहे. इतकं कोणी थांबत नाही, आणि दुःख तिथेच आहे. दारं-खिडक्यांच्या लाकडात ओल १२ टक्क्यांच्या आसपास यायला हवी. ओल मोजायचं लहान यंत्र मिळतं, मेस्त्रीकडे नसेल तर वखारवाल्याला लावून दाखवायला सांगा.

आपल्या जिल्ह्यात एक खास अडचण आहे. कणकुंबी-खानापूरचा पाऊस आणि अथणी-रायबागचा कोरडा उन्हाळा, दोन्ही एकाच जिल्ह्यात. खानापुरात छपराखाली सुकलेलं लाकूड अथणीला नेऊन लगेच दार बनवलं तर एप्रिलमध्ये ते आणखी आटणारच. लाकूड लांबीत जवळजवळ आटत नाही, रुंदीत आटतं, म्हणून रुंद फळीची फट मोठी. यावर उपाय साधा आहे: कापलेला माल ज्या गावी बसवायचा त्या गावी निदान दोन-तीन महिने ठेवा. जमिनीपासून वर, फळ्यांमध्ये एकाच जाडीच्या पट्ट्या एकावर एक ओळीत, वर छप्पर, बाजूंनी वारा. थेट उन्हात नको. टोकांना जुना ऑइलपेंट किंवा शेण फासा, नाहीतर तिथूनच चिरा सुरू होतात. घाई असेल तर भट्टीत सुकवलेला माल घ्या, थोडा महाग पडतो, पण पुन्हा दार तासण्यापेक्षा स्वस्त.

आयात सागवान घ्यावं का?

म्यानमारने १ एप्रिल २०१४ पासून ओंडक्यांची निर्यात बंद केली. तेव्हापासून ‘बर्मा टीक’ म्हणून जे काही दाखवलं जातं, त्याचे कागद मागा. बाजारातलं बहुतेक आयात सागवान आफ्रिका आणि दक्षिण व मध्य अमेरिकेतल्या लागवडीचं असतं. कांडल्याजवळच्या गांधीधाममध्ये कापून किंवा मंगळूरमार्गे ते इथे येतं. लागवडीचं तरुण लाकूड असल्याने पांढरा भाग जास्त आणि गाठी जास्त. आतल्या दारांना चालतं. पावसाच्या माऱ्यातल्या चौकटीला गाभ्याचाच माल घ्या, मग तो कुठलाही असो. पांढऱ्या भागाला वाळवी आणि किडा लागतो, सागवान असलं तरी.

एका चौकटीला लाकूड किती लागतं?

५ बाय ३ इंचाची, सात फूट उंच चौकट. दोन उभे ७ फुटी, वरचा आणि उंबरा साडेतीन-साडेतीन फुटी: एकूण २१ फूट. ५ गुणिले ३ भागिले १४४, त्याला २१ ने गुणलं की २.१९ घनफूट. कापीव मालात हॉपस लागत नाही, जाडी-रुंदी-लांबी सरळ गुणायची. रंधा मारल्यावर पाव इंच कमी होतं, तेव्हा पाच इंच कापल्यानंतरचे की रंध्यानंतरचे, हे मेस्त्रीशी आधीच ठरवा.

भुसा आणि तुकड्यांचं काय होतं?

काहीच वाया जात नाही. भुसा बॉयलरला, वीटभट्टीला, कोंबड्यांच्या शेडमध्ये आणि ब्रिकेटला, म्हणजे भुसा दाबून केलेल्या जळणाच्या विटांना, जातो. सालीकडचे तुकडे जळणाला, बरे तुकडे सेंटरिंगच्या पाचरींना. भुशाचा ढीग मशीनजवळ साठू देऊ नका, मोटरच्या एका ठिणगीने वखारी जळाल्या आहेत.

बेळगावच्या कारखान्यांना लाकूड कशाला लागतं?

उद्यमबाग, मच्छे भागातल्या फौंड्र्यांना, म्हणजे धातूच्या ओतकामाच्या कारखान्यांना, पॅटर्नसाठी, म्हणजे ज्यावरून साचा करतात त्या नमुन्यासाठी. त्याला पूर्ण सुकलेलं, बारीक रेषेचं सागवान लागतं, कारण पॅटर्न हलला की ओतकाम चुकतं. त्याहून मोठी मागणी पॅकिंगच्या खोक्यांची आणि पॅलेटची आहे. माल परदेशी जाणार असेल तर आयएसपीएम १५ या लाकडी पॅकिंगच्या आंतरराष्ट्रीय नियमाप्रमाणे लाकडाच्या गाभ्यापर्यंत ५६ अंश सेल्सिअस उष्णता सलग ३० मिनिटं देऊन शिक्का मारावा लागतो. पॅलेट घेताना शिक्का बघितल्याशिवाय पैसे देऊ नका, कंटेनर परदेशी बंदरात अडकला तर खोक्याच्या किमतीचा प्रश्नच उरत नाही.

इतका माल पडून असतो, म्हणजे मालक गडगंज असणार?

पडून असलेला माल म्हणजे अडकलेला पैसा. पावसाळ्यात तोड आणि वाहतूक थांबते, म्हणून मे अखेरपर्यंत साठा करावा लागतो आणि तो दिवाळीनंतर बांधकामं सुरू झाली की हलतो. दहा लाखांचे ओंडके आठ महिने राहिले तर १२ टक्क्यांनी ८०,००० रुपये व्याज. वर उधारी. मशीन बंद असलं तरी विजेचा ठरावीक आकार भरावाच लागतो. ज्यांनी साठा उसन्या पैशावर केला, त्यांना पडेल त्या भावाला माल सोडावा लागतो. हा धंदा स्वतःच्या भांडवलावर, लहान सुरू करून वाढवण्याचा आहे.

मशीनवर काम करणाऱ्यांनी काय काळजी घ्यावी?

चकतीवर झाकण आणि मागे फाट धरून ठेवणारी सुरी असल्याशिवाय काम करू नका, मालक कितीही घाई करो. ढगळ शर्ट, मफलर, हातातला दोरा नको. शेवटचे सहा इंच हाताने ढकलू नका, लाकडी दांडा वापरा. पातं बदलताना मेन स्विच बंद करून फ्यूज खिशात ठेवा. आणि तोंडाला मास्क: लाकडाची धूळ कर्करोगाला कारण ठरते, असं जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने १९९५ मध्येच नोंदवलं आहे. रुमाल पुरत नाही. ईएसआयचं (कामगार विम्याचं) कार्ड मागून घ्या. बोट गेल्यावर मागून मिळत नाही.

बिल घेतलं तर जीएसटी किती? आणि ओंडका कापायला आणताना बरोबर काय आणू?

ओंडके आणि कापीव लाकूड दोन्हींवर १८ टक्के, जळाऊ लाकडावर शून्य. माल ५०,००० रुपयांच्या वर असेल तर ई-वे बिल, म्हणजे माल नेण्याचा ऑनलाइन कागद. कापायला आणताना मालकीचा उतारा, तोडीची परवानगी आणि वाहतूक पास आणा, सूट असलेल्या जातीचं लाकूड असेल तर निदान उतारा. काय काय पाडायचं त्याची यादी मेस्त्रीकडून इंचांत लिहून आणा, सगळ्यात लांब आणि जाड नग वर. शक्य असेल तर मेस्त्रीलाच बरोबर आणा आणि सकाळी लवकर या, नवं पातं चढवलेलं असतं.